तिसऱ्या खेपेचं काय?

आसनगावहून निघालेली लोकल सीएसएमटीला तीन ते सात यांपैकी कुठल्या तरी फलाटावर लागते. सरकारी दंत महाविद्यालय स्टेशनच्या पार दुसऱ्या अंगाला आहे. अठरा नंबरच्या फलाटाकडून पी. डिमेलो रस्त्यावर उतरायचं आणि सेंट जॉर्जेस रुग्णालयाच्या आवारात शिरायचं, पायी थोडकंच अंतर. नवखा माणूस मात्र गर्दीच्या लोंढ्याबरोबर महापालिकेच्या इमारतीसमोर बाहेर पडतो, टॅक्सी करतो आणि वळसा घालून पुन्हा स्टेशनच्या पाठीमागे येतो. दाताच्या डॉक्टरने दिलेल्या चिठ्ठीवर रुग्णाचं नाव असतं, वय असतं, इंग्रजीत खरडलेली तक्रार असते, खाली शिक्का असतो. अठरा नंबरचा फलाट सहसा नसतो.

पुढचं बोलणं अशाच एका चिठ्ठीवरून झालेलं. बोलणारी माणसं कल्पनेतली आहेत, पण हा वाद शहापूर-मुरबाडच्या कुठल्याही दवाखान्याच्या बाकावर कानावर पडेल असा. एक आहेत काका, पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले कालवा निरीक्षक; त्यांची हयात भातसानगरच्या वसाहतीत गेली. दुसरी त्याच वसाहतीत वाढलेली मुलगी. तिचे वडील धरणावर मेकॅनिक होते. मुंबईच्या सरकारी दंत महाविद्यालयातून बीडीएस होऊन ती परत आली आणि शहापुरात तिने दवाखाना थाटला. गावासाठी ती डॉक्टरीणबाई, काकांसाठी अजून ‘पोरी’च. काकांनी आपल्या पुतण्याला आणलं होतं. वय सव्वीस, आसनगावजवळच्या एका कारखान्यात कंत्राटी कामगार. तक्रार एवढीच, की वडापाव तोंडात जात नाही, दाबून चपटा करावा लागतो.

“काका, तोंड पूर्ण उघडलं की माणसाची स्वतःची तीन बोटं उभी आत जायला हवीत,” ती म्हणाली. “ह्याची दोनच जातायत, तीही ओढून. गाल आतून पांढरट पडलाय, हात लावला तर कडक लागतो. तिखट खाल्लं की आग होते म्हणतोय. सुपारी किती वर्षं?”

“दहावीपासून,” पुतण्या म्हणाला.

“मी चिठ्ठी देते. मुंबईला दंत महाविद्यालयात जा.”

काकांना नेमकं हेच खुपलं. “म्हणजे? तू डॉक्टर आहेस, भिंतीवर सर्टिफिकेट लावलंयस, खुर्ची लाखाची घेतलीस. मग आमची रवानगी कशाला? आमच्या धरणाचं पाणी पिसे बंधाऱ्यावर उचलतात, पांजरापूरला गाळतात, मुंबईला पाजतात. आता तोंडंही तिकडेच न्यायची?”

“काका, पाण्याचं भाषण मी बालवाडीपासून ऐकतेय. तोंडाचं बोला.”

तोंडाचं बोलायचं तर या आजाराला मुंबईचा इतिहास आहे. १९५२ साली श्वार्त्झ नावाच्या डॉक्टरने पूर्व आफ्रिकेतल्या भारतीय बायकांमध्ये हा आजार पहिल्यांदा नोंदवला. पुढच्याच वर्षी, १९५३ मध्ये, मुंबईतले कान-नाक-घशाचे डॉक्टर एस. जी. जोशी यांनी त्यावर लेख लिहिला आणि ‘सबम्युकस फायब्रोसिस’ हे आज रूढ असलेलं नाव दिलं. गालाच्या अस्तराखाली तंतू साचत जातात, अस्तराची लवचीकता जाते, तोंड दरवर्षी थोडं थोडं मिटत येतं. मुख्य गुन्हेगार सुपारी. तंबाखू नसलेली नुसती सुपारीही तेवढीच दोषी, आणि हे सांगितलं की लोकांना खरं वाटत नाही. सुपारी पूजेच्या ताटात असते, विड्यात असते, लग्नात तर तिच्या नावाने विधीच होतो. ती विष कशी असेल?

या आजाराचं पुढे काय होतं, हे शोधण्याचं मोठं कामही मुंबईतच झालं. टाटा मूलभूत संशोधन संस्थेत डॉ. फली मेहता यांचं दंतसंशोधनाचं एक केंद्र होतं. अणुविज्ञानाच्या संस्थेत दातांचं काय काम, असं कुणालाही वाटेल, पण या केंद्राच्या माणसांनी खेडोपाडी हिंडून लोकांना ‘आ’ करायला लावलं. पुणे जिल्ह्यातल्या १,०१,७६१ गावकऱ्यांची तोंडं तपासून त्यांनी १९७२ मध्ये निष्कर्ष छापले. केरळातल्या एर्नाकुलममध्ये याच केंद्राने सबम्युकस फायब्रोसिसच्या ६६ रुग्णांचा सतरा वर्षं मागोवा घेतला. त्यांतल्या ५ जणांना तोंडाचा कर्करोग झाला. हे १९८५ मध्ये प्रसिद्ध झालं. म्हणजे तेरा-चौदांत एक. डॉक्टरीणबाईच्या मनात हाच आकडा होता. पुतण्याच्या तोंडावर मात्र तिने तो उच्चारला नाही. काकांना बाजूला घेऊन सांगितला.

काका थोडे नरमले, पण हटले नाहीत. “तपासणी करायची तर कर ना इथेच.”

“गालाचा छोटा तुकडा काढून तो सूक्ष्मदर्शकाखाली बघायला लागेल. तो बघणारा डॉक्टर वेगळा असतो. तोंडाच्या पेशी ओळखायचं तीन वर्षांचं शिक्षण घेतलेला. शहापुरात तो बसत नाही. महाविद्यालयात एकाच इमारतीत सगळे भेटतात. एक तोंडाच्या आजारांचा विभाग, तिथेच आधी सगळ्यांना तपासतात. मग तुकडा काढणारे शस्त्रक्रियेवाले, तो बघणारे पॅथॉलॉजीवाले. आपल्याकडे दंतशास्त्राच्या नऊ शाखा आहेत, काका. मी बीडीएस, नऊही शाखांचं थोडं थोडं शिकलेली.”

“तुकडा काढला की रोग पसरतो.”

हे वाक्य ग्रामीण भागात तुकडा तपासणीइतकंच जुनं असावं. त्याला उत्तरं पुष्कळ आहेत, पण तिने एकच दिलं: तुकडा काढायला उशीर झाला, म्हणजे रोग आधीच पसरलेला असतो, आणि लोक दोष सुरीला देतात.

इथपर्यंत डॉक्टरीणबाईची बाजू भक्कम होती. महाराष्ट्रातल्या प्रौढांपैकी जवळपास चौथा हिस्सा, नेमकं सांगायचं तर २४.४ टक्के लोक, धूर न काढता तंबाखू खातात किंवा लावतात, असं २०१६-१७ च्या जागतिक प्रौढ तंबाखू सर्वेक्षणात दिसलं. शहापूर-मुरबाडकडे यात मशेरी आली. ती लावणाऱ्या बाया तिला व्यसन मानत नाहीत. दात घासणं मानतात. राज्यात गुटख्यावर २०१२ च्या जुलैपासून बंदी आहे. टपरीवर एका पुडीत पानमसाला आणि दुसऱ्या पुडीत तंबाखू मिळते. गिऱ्हाईक दोन्ही हातावर एकत्र करतं आणि बंदी कागदावर राहते. अशा मुलखात संशय आलेलं प्रत्येक तोंड एकदा तरी तज्ज्ञाच्या नजरेखालून जावं, यावर वाद घालण्यात अर्थ नाही.

वाद त्यापुढचा आहे.

“बरं, तुकड्याचं मान्य,” काका म्हणाले. “पण तिथे हात लावणार कोण? पोरं. शिकाऊ. आमच्या तोंडावर हात बसवणार, पास होणार आणि पुण्यात दवाखाना टाकणार.”

“मीही तिथलीच शिकाऊ होते. शहापुरात आले.”

“तू एकटी.”

ती यावर गप्प बसली, कारण हे खरं होतं. तिच्या वर्गातली बहुतेक मुलं शहरांत राहिली. मग तिने शिकाऊ हा शब्द सोडवून सांगितला. महाविद्यालयात रुग्णाला हात लावणारे तीन प्रकारचे असतात. तिसऱ्या-चौथ्या वर्षाची मुलं, त्यांना साधी कामं: दात साफ करणं, सिमेंट भरणं, दात काढणं, कवळी बनवणं. त्यांच्यावरचे इंटर्न. आणि पीजी, म्हणजे आधीच डॉक्टर झालेले, एकेका शाखेत तीन वर्षांचं एमडीएस करणारे. अवघड केस पीजीकडे जाते. वर शिक्षक असतात आणि प्रत्येक पायरीवर त्यांची सही लागते. पोखरलेली दाढ साफ केली, दाखवा, सही घ्या. एक्स-रे काढला, दाखवा, सही घ्या. “माझ्या दवाखान्यात माझ्यावर सही करणारं कुणी नाही, काका. तिथे चूक झाली तर त्याच खुर्चीवर पकडली जाते.”

“आणि तो कोटा का काय असतो तो?”

काकांना कोटा ठाऊक होता, म्हणजे त्यांनी कुठून तरी विचारपूस केलेली होती. परीक्षेला बसण्याआधी विद्यार्थ्याला ठरावीक संख्येने दात काढावे लागतात, कवळ्या बनवाव्या लागतात, रूट कॅनॉल करावी लागतात. वर्षाअखेरीस मुलं रुग्ण शोधत फिरतात. खाजगी महाविद्यालयांना तर रुग्णसंख्या दाखवल्याशिवाय मान्यता टिकवणं कठीण. म्हणून नवी मुंबईकडची महाविद्यालयं शिबिरं भरवतात, गाड्या पाठवतात.

“म्हणजे आम्ही कोट्यातले,” काका म्हणाले.

“हो. आणि म्हणून तिथे तुमच्या दाढेला एक मुलगी सकाळभर देते. मी अर्धा तास देते, कारण बाहेर सहा माणसं बसलेली असतात.”

हे उत्तर चतुर आहे, पण त्यातच तिची अडचण दडलेली आहे. सकाळभराचा वेळ विद्यार्थिनीकडे असतो. रुग्णाकडे असतोच असं नाही. शहापुरातली डॉक्टर जे रूट कॅनॉल दोन बैठकांत संपवते, त्याला सहीच्या पायऱ्या चढत चार-पाच खेपा सहज लागतात. त्यानंतर कॅप, तिची मापं निराळी, तिच्या खेपा निराळ्या. महाविद्यालयातला खर्च कमी असतो हे खरं. पण कागदावरच्या खर्चात बुडालेली हजेरी धरलेली नसते.

काकांनी आपला हिशोब काढला तो इथेच, आणि कालवा निरीक्षकाला हिशोब येतो. भातसानगरहून शहापूर, शहापूरहून आसनगाव, आसनगावहून लोकलने सीएसएमटी. गाडीतच दोन तासांच्या आसपास. सकाळच्या लोकलमध्ये चढायला मिळालं तर. केस पेपर काढायला सकाळी लवकर पोचायचं, म्हणजे घरातून अंधारात निघायचं. एका विभागातून दुसऱ्या विभागात, मध्ये एक्स-रे, मध्ये जेवणाची सुट्टी. परतायला संध्याकाळ. “तिकिटाचं काही नाही गं. दिवस जातो. ह्याला खाडा झाला की ठेकेदार दुसरा माणूस घेतो. पहिल्यांदा हा जाईल, कारण घाबरलाय. दुसऱ्यांदा मी ढकलीन. तिसऱ्या खेपेचं काय?”

मुरबाडचं याहून अवघड. तिथे अजून रेल्वे नाही. आधी एसटीने कल्याण गाठायचं, मग लोकल. राज्यात मार्च २०२३ पासून बायकांना एसटीचं तिकीट अर्धं झालं, पंचाहत्तरीच्या पुढच्यांना ऑगस्ट २०२२ पासून ते पूर्ण माफ आहे. या सवलतींनी दवाखान्यात जाणाऱ्या म्हाताऱ्यांची सोय झाली यात शंका नाही. पण मजुराचा दिवस कुठल्या सवलतीत बसत नाही. त्यातून इथलं वर्षच तुकड्यांचं. आषाढात आवणी चालू असते, तेव्हा घरातला एकही हात मोकळा नसतो. दिवाळीनंतर कातकरी कुटुंबं वीटभट्ट्यांवर निघून जातात, ती पावसाच्या तोंडावर परततात. जूनमध्ये सुरू केलेल्या दाढेची पुढची तारीख जुलैत पडली, की ती तारीख गेली. डिसेंबरात दिलेली तारीख भिवंडीच्या भट्टीवर कोण पोचवणार? अर्धवट पोखरून तात्पुरतं सिमेंट भरलेली दाढ मग सहा महिन्यांनी सुजून येते. ती काढावीच लागते, आणि गावात निष्कर्ष निघतो, की मुंबईला जाऊन दाढ गेली.

डॉक्टरीणबाईने हे ऐकून घेतलं. तिच्या कपाटात पाठवलेल्या चिठ्ठ्यांच्या नकला आहेत. त्यांतले किती जण शेवटपर्यंत गेले, हे तिला ठाऊक नाही, कारण उलट चिठ्ठी येत नाही. मुंबईच्या डॉक्टरने काय केलं, काय दिलं, पुढे काय करायचं, हे तिला रुग्णाच्या तोंडूनच कळतं. तोही सांगतो, “इंजेक्शन दिलं, पांढऱ्या गोळ्या दिल्या.”

लेखकाला विचाराल तर सगळ्या भांडणाची मेख इथे आहे. महाविद्यालय चांगलं की वाईट, मुलं शिकाऊ की तरबेज, हे प्रश्न गौण आहेत. पाठवण्याची वाट एकेरी आहे. माणूस वर जातो, त्याची माहिती खाली येत नाही. म्हणून जे काम एका-दोन खेपांत मोठा फायदा करतं ते पाठवावं, आणि ज्याला खेपांवर खेपा लागतात ते जमेल तितकं गावातच उरकावं. मधल्यासाठी दोन डॉक्टरांनी एकमेकांशी बोलावं. सबम्युकस फायब्रोसिस नेमका मधला आहे. तुकडा तपासायला महाविद्यालय हवंच. पण उपचार लांबणारा: गालात दर आठवड्याला इंजेक्शनं, आणि घरी रोजचा व्यायाम. व्यायामाचं साधन आइसक्रीमच्या लाकडी काड्या. दातांच्या मध्ये बसतील तेवढ्या काड्या एकावर एक ठेवायच्या, तोंड ताणून धरायचं, काही दिवसांनी एक काडी वाढवायची. याला मुंबई लागत नाही. चिकाटी लागते आणि सुपारी सुटावी लागते.

“मग इंजेक्शनं तू दे,” काका म्हणाले.

“देईन. पण कोणतं, किती, किती आठवडे, हे त्यांनी लिहून द्यायला हवं.”

“नाही लिहिलं तर?”

“मी फोन करीन. माझ्या वर्गातली एक तिथे शिकवतेय.”

“आणि ज्या डॉक्टरची वर्गातली कुणी तिथे नाही तिने काय करायचं?”

या प्रश्नाला डॉक्टरीणबाईकडे उत्तर नव्हतं. ती मुंबईऐवजी दुसऱ्या वाटा मोजू लागली. २००४ मध्ये ठाणे ते वाशी अशी ट्रान्स-हार्बर गाडी सुरू झाली. आता ठाण्याला गाडी बदलली की नेरुळ, बेलापूर, खारघर इथली दंत महाविद्यालयं शहापूरकरांच्या आवाक्यात आली. कसाऱ्याकडच्या माणसाला घाट चढून नाशिकला पंचवटीतलं महाविद्यालय. मुंबई सेंट्रलला महापालिकेचं नायर दंत महाविद्यालय, १९३३ पासूनचं. काकांनी ही यादी शांतपणे ऐकली आणि विचारलं, “यातलं शहापुरात किती?”

त्यांचं म्हणणं सरळ होतं. माणसं न्यायची तर गाडी लागते, हुनर आणायचं तर एक खुर्ची पुरते. हा विचार जगात नवा नाही. न्यूझीलंडने १९२१ मध्ये शाळांसाठी दंतपरिचारिका तयार करायला सुरुवात केली. दोन वर्षं शिकलेल्या मुली शाळांतच मुलांचे दात भरत, काढत. टांझानियात १९८० च्या दशकाच्या मध्यावर जो फ्रेंकेन या डच दंतवैद्याने वीज नसलेल्या ठिकाणी नुसत्या हातातल्या हत्यारांनी कीड खरवडून सिमेंट भरायची पद्धत बसवली. मशीन नाही, बहुतेक वेळा भूल नाही. भारतात १९४८ च्या दंतवैद्य कायद्याने दंतवैद्याखेरीज दात साफ करणाऱ्या हायजिनिस्टला आणि कवळी बनवणाऱ्या मेकॅनिकला मान्यता दिली. मुलांचे दात भरणारी परिचारिका त्यात नव्हती. ती नसावी, असं म्हणणारे दंतवैद्य पुष्कळ आहेत. त्यांची भीती अगदीच खोटी नाही, पण त्यांच्यातला कुणी खर्डीच्या पुढच्या पाड्यावर दवाखाना टाकायला आलेला नाही.

आपल्याकडे एक प्रयत्न मात्र याच परिसरातून निघाला. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाची सुरुवात फेब्रुवारी २०१३ मध्ये पालघरला झाली, तेव्हा पालघर ठाणे जिल्ह्यातच होतं. वेगळा जिल्हा १ ऑगस्ट २०१४ ला झाला. डॉक्टरांची पथकं अंगणवाडीत आणि शाळेत जातात, अठरा वर्षांपर्यंतच्या मुलांची तपासणी करतात. दुभंगलेला ओठ-टाळू आणि किडलेले दात, दोन्ही त्यांच्या यादीत आहेत. दुभंगलेल्या ओठासाठी पाठवलेलं मूल बहुधा शस्त्रक्रियेपर्यंत पोचतं, कारण व्यंग डोळ्यांना दिसतं आणि घरचे पाठ सोडत नाहीत. किडलेल्या दाढेचं कार्ड मात्र दप्तरात राहतं. दुधाचा दात, पडणारच आहे, असं आईलाही वाटतं आणि कधी कधी गुरुजींनाही.

काकू इतका वेळ बाकावर बसून होत्या. त्यांची जुनी खालची कवळी हिरडीवर बसत नव्हती, हा दिवसातला दुसरा तंटा. डॉक्टरीणबाईने त्यांच्यासाठीही महाविद्यालयाचा विषय काढला होता. तिथे कवळी स्वस्त होते, मापं बारकाईने घेतात. इथे काका पूर्ण जिंकले. त्यांनी बोटांवर खेपा मोजल्या: पहिलं माप, मग पक्कं माप, मग वरचा-खालचा जबडा मिळवून बघायचा, मग मेणावर दात लावून बघायचे, मग कवळी, आणि ती टोचली म्हणून पुन्हा दोनदा. “सत्तरीची बाई आसनगावच्या पुलावर सात वेळा चढणार? त्यापेक्षा कवळी नको, भाकरी कुस्करून खाईल.”

“मी करते कवळी,” ती म्हणाली. “पैसे दिवाळीनंतर द्या.”

“महात्मा फुले योजनेत नाही बसत?”

“कर्करोगाची शस्त्रक्रिया बसते. कवळी नाही, रूट कॅनॉल नाही.” यावर काका जे म्हणाले ते छापण्यासारखं नाही. पण दात असून चावता येत नाही आणि दात नसल्यामुळे चावता येत नाही, या दोन्ही गोष्टी सरकारी आरोग्याच्या हिशोबात आजारपण कधी होतील, असा त्याचा मथितार्थ.

पुतण्या मधेच म्हणाला, “माझी सुट्टी गुरुवारी असते.” दोघांनीही त्याला हे विचारलं नव्हतं. चिठ्ठीवर सोमवार पडला होता.

तिने ती चिठ्ठी फाडली आणि दुसरी लिहिली. इंग्रजीत: तोंड किती मिलिमीटर उघडतं, कुठल्या गालावर तंतू जास्त, सुपारी किती वर्षं, रक्तदाब, औषधांची ॲलर्जी नाही, आणि ठळक अक्षरांत विनंती, की उपचाराचा आराखडा परत पाठवावा, इंजेक्शनं शहापुरात देता येतील. खाली स्वतःचा फोन नंबर. मागच्या बाजूला मराठीत: गुरुवारी जा. पहाटेची लोकल धर. अठरा नंबरच्या फलाटाकडून बाहेर पड. आधार कार्ड आणि रेशन कार्ड घे. जेवून जा, तुकडा काढल्यावर तिखट खाता येणार नाही. अहवाल कधी मिळेल ते तिथेच विचार आणि घेतल्याशिवाय हलू नकोस. आणि सर्वांत खाली, दोनदा अधोरेखित करून: सुपारी आजपासून बंद.

काकांनी चिठ्ठी उलटसुलट वाचली. “एवढं प्रत्येकाला लिहून देतेस?”

“नाही. बाहेर सहा माणसं असतात.”

“मग छापून ठेव. मागची बाजू सगळ्यांना तीच लागणार.”

तिला हे पटलं. आठवडाभरात शहापुरातल्या एका झेरॉक्सवाल्याकडून तिने मागच्या बाजूचा मजकूर छापून घेतला. सीएसएमटीची एक गठ्ठी, नेरुळची एक, नाशिकची एक. मुरबाडहून येणाऱ्यांसाठी कल्याणचा टप्पा वेगळा. यातून तिसरी खेप पक्की होते असं नाही, पण पहिली तरी वाया जात नाही.

निघताना तिने काकांनाही आ करायला लावलं. उजवीकडची खालची दाढ काळी, आत खड्डा, थंड पाण्याने कळ येते हे काकूंनी परस्पर सांगितलं.

“काढून टाक,” काका म्हणाले.

“मूळ शाबूत आहे. वाचेल. पण मुळं वाकडी असावीत असं वाटतंय, तसं असेल तर पीजीने केलेलं बरं.”

“चार-पाच खेपा?”

“चार-पाच खेपा.”

“काढ.”

“एक दाढ काढली की शेजारची कलते, वरची लोंबते. मग कवळीला काकूंच्या रांगेत बसाल.”

“बसेन. ती खेप शहापूरपर्यंतच आहे.”

तिने एक्स-रेची फिल्म काढली आणि त्यांना खुर्चीत बसवलं. फिल्म तोंडात असेपर्यंत काकांना बोलता येत नव्हतं, तेवढ्या वेळात तिने दाढ वाचवण्याची बाजू पुन्हा पहिल्यापासून मांडायला घेतली.